टोकियोतल्या शांत गल्ल्या: गाइड घ्यावा की आपलं आपण हिंडावं?

मीनल_ठाणे
नमस्कार मंडळी. नोव्हेंबरच्या शेवटी आईबाबांना घेऊन टोकियोला चाललेय. धाकटा भाऊ कावासाकीला असतो, त्यामुळे राहायचा प्रश्न नाही. शिबुया, स्कायट्री, असाकुसा सगळं त्यानं आखून ठेवलंय. बाबांनी (वय ७३) ती यादी बघितली आणि एवढंच विचारलं, "यात माणसं राहतात ते टोकियो कुठाय?"

शोधताना यानाका, नेझू आणि सेन्दागी ही तीन नावं सारखी समोर येतायत. तिन्हीला मिळून यानेसेन म्हणतात. तिथं दोन-अडीच तास पायी फिरवणारे इंग्रजी बोलणारे गाइड मिळतात. भाऊ म्हणतो, गल्ल्याच तर आहेत, त्याला गाइड कशाला? मला वाटतं, गल्ल्याच आहेत म्हणून तर कुणीतरी सांगणारं हवं. नाहीतर लोकांची दारं आणि कुंड्या बघून परत यायचं.

आईचे गुडघे जेमतेम आहेत, आणि ती पक्की शाकाहारी, अंडंसुद्धा नाही. कुणी गेलं असेल तर सविस्तर लिहा प्लीज.

चकलीभाजणी
वाचनखूण साठवली. आम्हीही एप्रिलमध्ये जाणार आहोत.

निशिकासाईकर
मीनलताई, अगदी योग्य भाग निवडलाय. मी टोकियोच्या दुसऱ्या टोकाला राहतो (नावावरून कळलंच असेल, जिथं दुकानात मराठी ऐकू येतं तिथं). भारतातून कुणी आलं की त्यांना यानाकालाच नेतो.

यामानोते लाइनवर (शहरात गोल फिरणारी रेल्वे) निप्पोरी स्टेशन आहे. पश्चिमेच्या दारानं बाहेर पडायचं. पूर्वेला गेलात तर कापडबाजार लागतो, तोही छान आहे, पण आई तिथून हलणार नाहीत. पश्चिमेला लगेच यानाकाची दफनभूमी. नाव ऐकून दचकू नका. मधून रुंद रस्ता जातो, दोन्ही बाजूंना चेरीची झाडं, आणि शाळेतली पोरं सायकलवरून तिथूनच घरी जातात. शेवटचा शोगुन (जपानचा लष्करी सत्ताधीश) तोकुगावा योशिनोबू इथंच पुरलेला आहे. १८६७ मध्ये त्यानं सत्ता सोडली आणि पुढं १९१३ पर्यंत निवांत जगला, फोटो काढत आणि सायकल चालवत.

दफनभूमीतून बाहेर पडलं की देवळंच देवळं. या भागात सत्तरच्या वर बौद्ध मंदिरं आहेत. १६५७ च्या मोठ्या आगीत एदो शहर, म्हणजे जुनं टोकियो, जळलं, त्यानंतर शोगुनच्या सरकारनं बरीच मंदिरं शहराच्या मध्यातून इकडं हलवली. १९२३ च्या भूकंपात आणि १९४५ च्या बाँबहल्ल्यांत बाकी टोकियो बेचिराख झालं, त्या मानानं हा पट्टा बराच वाचला. म्हणून लाकडी घरं अजून दिसतात.

मग 'युयाके दांदान' पायऱ्या उतरून यानाका गिन्झा नावाची बाजारगल्ली. जेमतेम पावणेदोनशे मीटर लांब, साठेक दुकानं. तिथून सेन्दागी, मग वळणावळणानं नेझूचं देऊळ. सगळं मिळून तीनेक किलोमीटर. चढ फारसे नाहीत, पण आहेत.

गाइडबद्दल माझं मत: पहिल्यांदा जात असाल तर घ्या.

भटकभवानी
निशिकासाईकरांशी पूर्ण असहमत. (दिवे घ्या.)

शांत भाग बघायला जायचं आणि सोबत बोलणारा माणूस घ्यायचा, हे काही झेपलं नाही. मी एकटी गेले होते, हातात नकाशासुद्धा नव्हता. एका गल्लीत आजोबा मेंढीच्या लोकरीच्या ब्रशनं दाराची जाळी झाडत होते, कुठल्याशा घरातून सोया सॉस भाजल्याचा वास येत होता. पाच वाजता सगळ्या वस्तीत भोंग्यांवरून एक संथ चाल वाजली. मला आधी वाटलं देवळात काही आहे. नंतर कळलं की आपत्तीच्या वेळी सूचना द्यायचे ते भोंगे रोज असे तपासतात, आणि मुलांना तोच घरी परतायचा इशारा. गाइड असता तर त्यानं आधीच सांगितलं असतं आणि सगळी मजा गेली असती.

खडूस_आजोबा
म्हणजे भटकभवानींना नंतर कुणीतरी सांगितलंच की! तोच तुमचा गाइड, फक्त फुकटचा.

भटकभवानी
आजोबा :) गूगलनं सांगितलं हो.

वास्तुरंग
धागा आवडीचा, म्हणून जरा लांब लिहितो. मी वास्तुरचनाकार, कामानिमित्त सहा महिने टोकियोत होतो.

यानाकात काय दिसतं यापेक्षा काय दिसत नाही ते जास्त मोलाचं आहे, आणि ते सांगायला माणूस लागतो. तीन उदाहरणं देतो.

दफनभूमीच्या मधोमध, पोलीस चौकीशेजारी, एक कुंपण घातलेला चौथरा आहे. नुसते दगड. लोक पुढे निघून जातात. तिथं तेन्नोजी मंदिराचा पाच मजली पॅगोडा होता, १७९१ मध्ये पुन्हा बांधलेला, चौतीस मीटर उंच. भूकंपातून वाचला, युद्धातून वाचला, आणि १९५७ मध्ये एका जोडप्यानं आत्महत्या करताना त्याला आग लावली. परत बांधला नाही.

दुसरं म्हणजे 'साप गल्ली', हेबीमिची. यानाका आणि सेन्दागीच्या मधली ही गल्ली इतकी वळणं का घेते? कारण ती गल्ली नाहीच, नदी आहे. आइझोमे नावाची छोटी नदी गेल्या शतकाच्या सुरुवातीला झाकून वर रस्ता केला. नदीची वळणं तशीच राहिली. आजही ताइतो आणि बुंक्यो या दोन वॉर्डांची हद्द तिथूनच जाते, म्हणजे एका बाजूच्या घराचा कचरा एका वॉर्डाचा, समोरच्याचा दुसऱ्याचा.

तिसरं, निप्पोरीजवळची फुजीमीझाका, म्हणजे फुजी पर्वत दिसणारा उतार. टोकियोत या नावाचे उतार बरेच आहेत, आणि बहुतेकांवरून आता फक्त इमारती दिसतात. मध्यवस्तीत जमिनीवर उभं राहून फुजी दिसणारा हा जवळजवळ शेवटचा उतार होता. २०१३ मध्ये लांबवरच्या एका नव्या उंच इमारतीनं तोही झाकला. रहिवाशांनी खूप धडपड केली, उपयोग झाला नाही.

आता सांगा, चौथरा, वळण आणि उतार यांतलं काय तुम्हाला एकटं फिरताना कळणार?

अवांतर: इतक्या अरुंद गल्ल्या टिकल्या कशा, असं लोक विचारतात. खरं तर टिकत नाहीयेत. १९५० च्या इमारत कायद्याप्रमाणे चार मीटरपेक्षा अरुंद रस्त्यावरचं घर पाडून नवं बांधायचं तर रस्त्याच्या मध्यापासून दोन मीटर मागं सरकावं लागतं. म्हणजे घर जुनं आहे तोवर गल्ली अरुंद. घरमालक म्हातारा झाला, मुलांनी नवीन बांधलं, की गल्ली तेवढ्या पट्ट्यात रुंदावते. आगीच्या बंबाच्या दृष्टीनं ते बरोबरच आहे. लाकडी घरं, खेटून भिंती, वर भूकंपाचा देश. आपल्यासारख्या पाहुण्यांना गल्ली अरुंद हवी असते, तिथं झोपणाऱ्याला बंब दारापर्यंत यायला हवा असतो.

झुळूक
वास्तुरंग, कमाल प्रतिसाद! तो साप गल्लीचा भाग वाचून नकाशा उघडून बसलेय. खरंच नदी दिसते.

पेठेतला_पांडू
कशाला एवढं तिकीट काढायचं? आमच्या सदाशिवात या. अरुंद गल्ली आहे, देवळं आहेत, दुपारी एक ते चार कमालीची शांतता आहे, आणि वाटाड्यांची गरज नाही, पाट्याच सगळं सांगतात.

खडूस_आजोबा
पांडू, तिथं पत्ता विचारला की उत्तर मिळतं. तुमच्याकडं अपमान मिळतो.

पेठेतला_पांडू
तोही मोफत!

सह्याद्रीवारा
गाइडेड वॉक असा सरसकट एकच प्रकार धरून भांडण चाललंय. आमचा अनुभव वाईट होता. एका कंपनीकडून आधी पैसे भरून घेतला होता, नाव घेत नाही. वीसेक जणांचा घोळका, पुढं झेंडी, सगळ्यांच्या कानात यंत्र. गाइड पुढच्या वळणावरून बोलत होता आणि आम्ही मागच्या वळणावर. देवळाच्या फाटकाशी दोन मिनिटं, मग ठरलेल्या चहाच्या दुकानात वीस मिनिटं. दुकानदार आणि गाइड एकमेकांकडं बघून ज्या प्रकारे हसले, त्यावरून काय ते समजलं. आणि सगळ्यात लाज वाटली ती एका घरासमोर थांबून फोटो काढताना. आतून पडदा सरकला, बाई दिसल्या, पडदा परत बंद झाला. आम्ही काही बोललो नाही, पण शांत वस्तीची शांतता आम्हीच घालवत होतो.

निशिकासाईकर
सह्याद्रीवारा, याला दोनशे टक्के अनुमोदन. मी 'गाइड घ्या' म्हटलं ते या प्रकाराबद्दल नव्हतं.

सुचवतो ते असं. टोकियोत बऱ्याच वॉर्डांत स्वयंसेवक गाइड असतात, बहुतेक सेवानिवृत्त मंडळी. आधी नोंदवावं लागतं, एका वेळी मोजकीच माणसं घेतात. मानधन नसतं किंवा नाममात्र असतं, पण त्यांचा प्रवासखर्च, तिकिटं, जेवण आपण द्यायचं, ही पद्धत. इंग्रजी कधी जरा अडखळतं, पण त्यांच्याकडं आठवणी असतात, त्याला तोड नाही.

पैसे देऊनच घ्यायचा तर परवानाधारक आहे का विचारा. पूर्वी पैसे घेऊन परभाषेत गाइडिंग करायला राष्ट्रीय परीक्षा उत्तीर्ण होऊन परवाना लागायचा. जानेवारी २०१८ पासून ती अट सैल झाली, आता कुणीही पैसे घेऊन फिरवू शकतं. त्यात उत्तम लोकही आले आणि झेंडीवालेही. माणसं किती असतील ते आधीच विचारा. सहाच्या वर असतील तर सरळ नको म्हणा.

अश्विनी_आर
क्योतोत २०२४ पासून गिओनच्या खासगी गल्ल्यांत पर्यटकांना बंदी आहे, दहा हजार येन दंडाच्या पाट्या लावल्यात. यानाकाचंही तेच होणार, असे धागे काढून काढून आपणच ते करणार :(

भटकभवानी
अश्विनी, म्हणूनच म्हणते, एकट्यानं जा, गप्प जा, खिशात हात घालून जा.

हरिभाऊ_कोल्हापूर
एकटी बाई खिशात हात घालून माझ्या गल्लीत हळूहळू फिरायला लागली तर मी तर बुवा पोलिसांना फोन करीन.

मीनल_ठाणे
हसून हसून मेले. सगळ्यांचे आभार. वास्तुरंग, तुमचा प्रतिसाद बाबांना वाचून दाखवला. ते म्हणाले, "नदीवरून चालायचं, ठरलं." पण शाकाहाराचं कुणी बोललंच नाही. आणि पायऱ्या किती?

झुळूक
पायऱ्या छत्तीस, कठडा आहे. नको असतील तर सेन्दागी स्टेशनकडून उलट्या दिशेनं बाजारात शिरा, मग चढायच्या की नाही ते ऐनवेळी ठरवा.

सुगरण_नाही_मी
शाकाहाराचं मी सांगते, माझ्या सासूबाईंमुळे मला त्यात डॉक्टरेट मिळाली आहे.

यानाका गिन्झात जिथं सर्वात मोठी रांग दिसेल तिथं जाऊ नका. ते खिम्याचे तळलेले कटलेट असतात, तिथली खासियत. आईंसाठी: सेन्बेई, म्हणजे तांदळाच्या भाजलेल्या चकत्या, वर सोया सॉस. पण कोळंबी घातलेल्याही असतात, चित्र बघून घ्या. दांगो, म्हणजे काडीला टोचलेले तांदळाच्या पिठाचे गोळे, लाल चवळीसारख्या अझुकी डाळीच्या गोड सारणाचे घ्या. तपकिरी चकचकीत सॉसचे टाळा, त्यात माशाचा अर्क असू शकतो. भाजलेलं रताळं नोव्हेंबरात हमखास मिळतं, त्याहून सुरक्षित काही नाही. माशाच्या आकाराचा ताइयाकी आतून गोडच असतो, मासा फक्त आकारात. पण पिठात बहुधा अंडं असतं, म्हणून आईंना नको.

जेवणाचं मात्र अवघड. सूप, नूडल्सचं पाणी, भाजी शिजवायचं पाणी, सगळ्यात दाशी, म्हणजे सुकवलेल्या माशाचं पाणी. 'मांस नाही' म्हटलं तरी दाशी असतोच. तो त्यांच्या हिशेबी मांस नाहीच. पोटभर खाऊन निघा किंवा डबा न्या. आणि चालता चालता खायचं नाही, दुकानासमोर उभं राहून संपवायचं. कचरापेट्या नसतात, एक पिशवी पर्समध्ये ठेवा.

चकलीभाजणी
डबा खायचा कुठं? दफनभूमीत बाकं आहेत, पण तिथं थेपला खाणं बरं दिसेल का?

निशिकासाईकर
चेरीच्या दिवसांत जपानी लोकही तिथं बसलेले दिसतात, पण बाकी वेळी नको. छोटी सार्वजनिक उद्यानं आहेत. आपल्या दृष्टीनं सगळ्यात योग्य जागा म्हणजे ओकाकुरा तेनशिन यांच्या नावाचं एवढुसं उद्यान. सहा कोनी छोटी वास्तू, झोपाळे, संपलं. ओकाकुरा म्हणजे १९०२ च्या आसपास भारतात येऊन राहिलेले कलापंडित, विवेकानंदांना भेटले, रवींद्रनाथांचे स्नेही झाले. १८९८ मध्ये त्यांनी काढलेली कलासंस्था इथंच यानाकात होती. थेपल्याला हरकत नसावी.

मूर्तिवेडा
आता माझा विषय निघाला, तेव्हा धाग्याला जरा फाटा फोडतो.

यानाकात फिरण्याची खरी देशी पद्धत गाइडेड वॉक नाहीच. तिथं वर्षारंभी सात भाग्यदेवतांची वारी करतात, एदो काळापासून चालत आलेली आणि टोकियोतल्या सर्वात जुन्या वाऱ्यांपैकी एक. ताबाता स्टेशनजवळच्या मंदिरापासून सुरू करायची, निप्पोरी, यानाका करत उएनोच्या शिनोबाझू तळ्यातल्या मंदिरात संपवायची. प्रत्येक ठिकाणी कागदावर शिक्का घ्यायचा. देवळंच वाट दाखवतात.

आता त्या सातांत बघा कोण आहेत. तळ्यातली बेन्झाइतेन ही आपली सरस्वती. तेन्नोजीतला बिशामोन्तेन म्हणजे वैश्रवण, कुबेर. गोकोकुइनमधला दाइकोकुतेन म्हणजे महाकाल, फक्त तिकडं जाऊन तो गुबगुबीत, हसरा झालाय आणि तांदळाच्या पोत्यांवर उभा राहतो. चीनमार्गे हजारेक वर्षांचा प्रवास करून आलेली मंडळी. बाबांना ही वाट आवडेल. देवतादर्शन जानेवारीच्या पहिल्या दहाएक दिवसांतच असतं, पण मंदिरं आणि वाट वर्षभर तीच.

आणि शांत वस्तीच बघायची तर यानाका आता फारसं शांत उरलेलं नाही, शनिवार-रविवारी तर नाहीच. त्यापेक्षा झोशिगाया बघा. इकेबुकुरोपासून पंधरा-वीस मिनिटांच्या चालीवर, आणि शहरात उरलेली जुनी ट्राम दारात उतरवते. तिथं किशिमोजिनचं मंदिर आहे, मुख्य दालन १६६४ चं, अंगणात सातशे वर्षांचा मानला जाणारा गिंको वृक्ष, आणि १७८१ पासून चालू असलेलं पोरांच्या गोळ्याबिस्किटांचं दुकान. नोव्हेंबरच्या शेवटी गिंको पिवळा होतो, म्हणजे मीनलताईंच्या मुहूर्तावरच.

ही किशिमोजिन कोण? हारीती. दुसऱ्यांची मुलं पळवून खाणारी यक्षी. बुद्धानं तिचंच धाकटं पोर लपवलं तेव्हा तिला आईचं दुःख कळलं आणि ती मुलांची रक्षणकर्ती झाली. अजिंठ्याच्या लेणे क्रमांक २ मध्ये उजवीकडच्या छोट्या गाभाऱ्यात ती नवऱ्याशेजारी, पांचिकाशेजारी, बसलेली आहे. आपल्यातल्या किती जणांनी तिथं थांबून पाहिलंय? क्रमांक १ चा पद्मपाणी बघितला, फोटो काढला, पुढे. टोकियोत आजही आया तिच्याकडं सुखरूप बाळंतपण मागायला येतात.

झुळूक
मूर्तिवेडा, अंगावर काटा आला. अजिंठ्याला दोनदा गेलेय, हारीती आठवत नाही.

हिंगण्याची_लेक
झोशिगायाचं नाव निघालंय तर थांबवत नाही. तिथून चालत जाण्याइतक्या अंतरावर, मेजिरोदाईत, जपान महिला विद्यापीठ आहे, १९०१ मध्ये सुरू झालेलं. त्याची माहितीपुस्तिका महर्षी कर्व्यांच्या हाती आली, आणि त्यातून प्रेरणा घेऊन १९१६ मध्ये अण्णांनी आपल्याकडं महिला विद्यापीठ सुरू केलं. पुढं १९२९-३० च्या परदेश दौऱ्यात ते टोकियोलाही गेले होते. आमच्या आजीनं त्याच विद्यापीठाची परीक्षा दिली होती. मी त्या फाटकासमोर उभी होते तेव्हा आत कुणाला काही सांगावंसं वाटत होतं, पण जपानी येत नाही. कुठल्याही गाइडनं मला तिथं नेलं नाही आणि नेणारही नाही, कारण बाकीच्या पर्यटकांना त्यात काही नाही. हा मुद्दा भटकभवानींच्या बाजूनं धरा.

भटकभवानी
धरला! :)

वास्तुरंग
मीही धरतो. पण तुम्हाला ती पुस्तिका माहीत होती. ती ज्याला माहीत नाही, त्याला ते फाटकच.

खडूस_आजोबा
मुद्दा क्रमांक १ वर परत आलो. धागा पूर्ण वर्तुळ झाला, आता कुलूप लावा.

सह्याद्रीवारा
मांजरांचं कुणी बोललं नाही? यानाका म्हणजे मांजरं, असं सगळीकडं लिहिलेलं असतं.

निशिकासाईकर
मांजरांच्या आकाराची बिस्किटं, मांजरांचे शिक्के, छपरांवर लाकडी मांजरं, ही भरपूर. जिवंत मांजरं पूर्वीपेक्षा कमी. दिसली तर खायला घालू नका. लेखक नात्सुमे सोसेकींनी मांजराच्या तोंडची ती प्रसिद्ध कादंबरी १९०४ च्या शेवटी लिहायला घेतली ते घर सेन्दागीलाच होतं. आता तिथं फक्त शिळा आहे, आणि भिंतीवर चालणारं धातूचं मांजर.

हिमालयवेडी
एक राहिलं. यानाकात एका तिठ्यावर भलंमोठं देवदार आहे. हो, हिमालयातलं. शेजारच्या छोट्या बेकरीवाल्यांच्या आजोबांनी कुंडीतलं रोप जमिनीत लावलं, ते आता दुकानापेक्षा कितीतरी मोठं आहे. ते टिकावं म्हणून रहिवाशांनी सह्या गोळा केल्या होत्या. कुलूमनालीला वाढलेली असल्यानं मी त्या झाडापाशी अर्धा तास काढला. आमचा गाइड (स्वयंसेवक, सत्तरीचे गृहस्थ) गप्प उभे राहिले, घड्याळाकडं एकदाही पाहिलं नाही. वर सांगितलं की लहानपणी ते झाड त्यांना एवढं उंच वाटत नसे, कारण तेव्हा ते खरंच एवढं उंच नव्हतं. असा गाइड मिळाला तर घ्यावा. नाही मिळाला तर नको.

त्यांनीच क्योओजी मंदिराच्या फाटकावरची बंदुकीच्या गोळ्यांची भोकं दाखवली, १८६८ च्या उएनोच्या लढाईतली (शोगुनचे समर्थक विरुद्ध नवं सरकार). मला ती लाकडात किडीनं पाडलेली वाटली असती.

मीनल_ठाणे
अपडेट देते. भाऊही धागा वाचत होता, इथं सदस्य नसल्यानं भांडता आलं नाही म्हणून मला फोनवर भांडला. शेवटी ठरलं ते असं: सकाळी ताइतो वॉर्डाकडच्या स्वयंसेवक गाइडसोबत यानाका, आम्ही चौघंच. त्यांना आधीच कळवलंय की आईचे गुडघे बेताचे आहेत, आणि बाबांना नदी, चौथरा आणि गोळ्यांची भोकं बघायची आहेत. त्यांचं उत्तर आलं: मार्ग थोडा छोटा करू, बसायच्या जागा त्यांना माहीत आहेत. दुसऱ्या दिवशी झोशिगाया, गाइडशिवाय. भटकभवानी, तुमच्या मानासाठी.

आता शेवटचं. सोमवार की मंगळवार?

झुळूक
मंगळवार. सोमवारी बरीच दुकानं बंद असतात. आसाकुरा शिल्पसंग्रहालय बघायचं असेल तर सोमवार आणि गुरुवार दोन्ही टाळा. शिल्पकाराचं स्वतःचं घर आणि कार्यशाळा, १९३५ चं, मधे पाण्याचं अंगण, छपरावर बाग. बूट काढावे लागतात आणि पायात मोजे हवेतच, अनवाणी आत घेत नाहीत. आईंना सँडल आवडत असतील तर पर्समध्ये मोजे ठेवायला सांगा. आत जिने आहेत, तेवढं बघून घ्या.

वास्तुरंग
आणि सकाळी लवकर निघा. नोव्हेंबरच्या शेवटी टोकियोत साडेचारलाच सूर्य मावळतो. इथल्यासारखं "चहा घेऊन निघू" करत बसलात तर पायऱ्यांवर अंधारात पोचाल.

पेठेतला_पांडू
आमच्याकडं चार वाजेपर्यंत दुकानच उघडत नाही, त्यांच्याकडं सूर्यच बंद होतो.

हरिभाऊ_कोल्हापूर
मीनलताई, कुठं काय मिळालं ते येऊन लिहा. आणि हारीतीचा फोटो टाका, म्हणजे मूर्तिवेडा आम्हाला अजिंठ्याच्या फोटोशी ताडून दाखवतील.

मूर्तिवेडा
फोटो आत काढू देत नाहीत बहुतेक. अंगणातला गिंको टाका, तो पुरे. अजिंठ्याचा माझ्याकडं आहे, रात्री शोधून डकवतो.